खेळाडूंच्या लीळा

चरित्रवाङ्मयाची एक धाकटी शाखा आहे. तिला अजून धड नांवहि मिळालेलें नाहीं. थोर व्यक्तीच्या आयुष्यांतील एखादी चमत्कारिक गोष्ट, एखादा आंकडा, एखादा योगायोग उचलावा, तो दोन ओळींत सांगावा आणि ऐकणाऱ्यास चकित करावें, एवढेंच तिचें काम. कवि, गायक, मुत्सद्दी या साऱ्यांभोंवतीं अशा गोष्टी जमतात; परंतु खेळाडूंच्या भोंवतीं त्या जितक्या दाट जमतात तितक्या दुसऱ्या कोणाभोंवतीं क्वचितच. याचें कारण उघड आहे. कवीची कविता मागें राहाते, मुत्सद्द्याचीं पत्रें मागें राहातात. खेळाडूची कृति मात्र क्षणांत होते आणि क्षणांत विरते. चेंडू जाळ्यांत शिरला कीं पाहाणाऱ्याच्या हातीं उरते ती सांगण्यापुरती गोष्ट.

हा विषय कोणास पोरकट वाटेल. पण गडचिरोली, अहेरी किंवा चामोर्शी येथील एखाद्या अभ्यासिकेंत डोकावून पाहावें. पोलीसभरतीच्या आणि स्पर्धापरीक्षांच्या तयारीला बसलेलीं मुलें-मुली सामान्यज्ञानाच्या पुस्तकांतून हेंच वाङ्मय पाठ करीत असतात. हॉकीचा जादूगार कोण, कोणत्या ऑलिंपिकांत किती गोल, कोणाचा जन्मदिवस राष्ट्रीय क्रीडादिन म्हणून पाळतात, असे ते प्रश्न. जो कादंबरी उघडीत नाहीं आणि काव्याकडे वळत नाहीं, त्या वाचकापर्यंतहि हें वाङ्मय पोंचतें. थोरवी म्हणजे काय याची त्याची कल्पना पुष्कळदां त्यावरच घडते. जें इतकें वाचलें जातें त्याचें परीक्षण टीकेनें टाळूं नये.

शिवाय मराठीला ही शाखा परकी नाहीं. आपल्या गद्याचा आद्य ग्रंथ म्हणून ज्याचा गौरव होतो तें ‘लीळाचरित्र’ म्हणजे तरी काय? श्रीचक्रधरस्वामी कोठें उतरले, कोणाशीं काय बोलले, कोणी काय वाढलें, वाटेंत काय घडलें, अशा लहान लहान प्रसंगांचाच तो संग्रह आहे. तेराव्या शतकाच्या अखेरीस, वऱ्हाडांतील ऋद्धिपूर येथें म्हाइंभटांनीं तो सिद्ध केला. ज्यांनीं स्वामींना पाहिलें होतें त्यांस गांठून त्यांनीं आठवणी मिळविल्या, आणि त्या नागदेवाचार्यांपुढें ठेवून पडताळून घेतल्या. किरकोळ गोष्टींतून एवढें मोठें वाङ्मय उभें राहिलें याचें रहस्य या पडताळणींत आहे. गोष्ट लहान असली तरी ती कोणीं पाहिली, कोठें घडली, आणि ती सांगितल्यानें माणूस अधिक कळतो कीं नाहीं, या तीन कसोट्यांवर ती घासलेली होती. आज खेळाडूंविषयीं ज्या लीळा सांगितल्या जातात त्यांना याच कसोट्या लावून पाहूं.

आरंभ अर्थात् ध्यानचंदांपासून करावयास हवा. त्यांच्याविषयींच्या तीन-चार गोष्टी भारतांतील प्रत्येक शाळकरी मुलास ठाऊक असतात. त्यांच्या काठीला चेंडू चिकटून राही म्हणून ती मोडून आंत लोहचुंबक आहे कीं काय हें पाहिलें गेलें. बर्लिनमधील विजयानंतर हिटलरनें त्यांना आपल्या सैन्यांत मोठा हुद्दा देऊं केला. व्हिएन्ना शहरांत चार हात आणि चार काठ्या असलेला त्यांचा पुतळा आहे. ते चंद्रप्रकाशांत सराव करीत म्हणून ‘चंद’ झाले. या गोष्टी सांगणारे कोणत्याहि समकालीन कागदाकडे बोट दाखवीत नाहींत. पुतळ्याची गोष्ट छापली जाते, पण पुतळ्याचें छायाचित्र कोणी छापीत नाहीं. हिटलरच्या तोंडचे शब्द दर आवृत्तींत बदलतात, हुद्दाहि बदलतो. गोलांच्या आंकड्याची तऱ्हा हीच. आयुष्यभरांत ध्यानचंदांनीं किती गोल केले म्हणून विचारावें, तर एक जण चारशें सांगतो, दुसरा हजारापलीकडे जातो. १९३६ च्या अंतिम सामन्यांत भारतानें जर्मनीचा ८-१ असा पराभव केला. त्या आठांपैकीं सहा गोल एकट्या ध्यानचंदांचे, असें लोकप्रिय पुस्तकें सांगतात. सामन्याच्या तपशिलाची जुळणी करणारे मात्र त्यांच्या नांवावर तीन मांडतात, दोन अली दारा यांच्या, आणि उरलेले रूपसिंग, टॅप्सेल व जाफर यांच्या नांवावर एकेक.

आपल्याकडे इतिहासाच्या प्रांतांत हाच वाद एकदां होऊन गेला आहे. बखरींतील वर्णनें रसाळ खरीं, पण त्यांवर इतिहास उभारतां येत नाहीं, अस्सल कागद पाहावे लागतात, हें राजवाड्यांनीं १८९८ सालीं ‘मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें’ या मालेचा पहिला खंड काढून महाराष्ट्राला पटविलें. बखर वाङ्मय म्हणून वाचावी, साक्ष म्हणून वाचतांना सावध राहावें, हा विवेक आज मराठी वाचकाच्या अंगीं मुरला आहे. क्रीडेच्या बाबतींत तो अजून आलेला नाहीं. तेथें आपण अद्याप बखरीच्याच युगांत आहों.

कोणी म्हणेल, गोष्ट खोटी असली तरी तिनें ध्यानचंदांचा गौरवच होतो ना? आमचें मत उलट आहे. असल्या गोष्टींनीं खरा माणूस झांकला जातो. लोहचुंबकाची कथा ऐकणाऱ्याला असें वाटतें कीं, हें कांहीं माणसाचें कर्तृत्व नव्हे, जादू आहे. आणि जादूपासून शिकण्यासारखें कांहीं नसतें. याच्या शेजारीं खऱ्या गोष्टी ठेवून पाहाव्या. १९२२ सालीं सैन्यांत साधा शिपाई म्हणून शिरलेला हा मुलगा १९२६ मध्यें सैन्याच्या संघाबरोबर न्यूझीलंडला गेला. १९२८ सालीं अ‍ॅमस्टरडॅम येथें भारतानें पांच सामन्यांत २९ गोल केले आणि आपल्यावर एकहि होऊं दिला नाहीं. त्यांपैकीं १४ ध्यानचंदांचे. म्हणजे पंधरा इतरांचे. आणि गोलाच्या तोंडाशीं रिचर्ड अ‍ॅलन हा उभा होता, ज्याच्या मागें चेंडू एकदांहि गेला नाहीं. १९३६ च्या जुलैंत बर्लिनला पोंचल्यावर सरावाच्या सामन्यांत याच जर्मनीनें भारतास ४-१ असें हरविलें. संघ हादरला, भारतांतून अली दारा यांना तातडीनें बोलावून घेतलें गेलें. पावसामुळें एक दिवस पुढें ढकललेला अंतिम सामना १५ ऑगस्टला झाला. या पराभवाची आठवण ठेवून जो ८-१ वाचतो त्याला विजयाची किंमत कळते. १९५२ सालीं प्रसिद्ध झालेल्या ‘गोल’ या आत्मवृत्तांत ध्यानचंदांनीं स्वतःविषयीं जो विनम्र सूर लावला आहे तो या खऱ्या हकीकतींशीं जुळतो. दंतकथांशीं जुळत नाहीं.

आतां याच्या अगदीं दुसऱ्या टोंकाचें उदाहरण घेऊं. हॉकीचेंच भावंड म्हणावें असा एक खेळ थंड देशांत गोठलेल्या पाण्यावर खेळला जातो. पायांत पोलादी पातीं लावलेले बूट, हातांत लांब काठी, आणि चेंडूऐवजीं काळ्या रबराची चपटी चकती. चांदा-गडचिरोलीच्या रानांत बर्फ पडत नाहीं, आणि भारतांत हा खेळ मुख्यतः लडाखमध्यें रुजलेला आहे. तेव्हां आमच्या वाचकांपैकीं थोड्यांनींच तो प्रत्यक्ष पाहिला असेल. परंतु कॅनडांत त्याचें जें स्थान आहे तें आपल्याकडे क्रिकेटचें आहे. आणि त्या देशानें आपल्या खेळाडूंच्या लहान-मोठ्या गोष्टी ज्या रीतीनें जपल्या आहेत ती पाहाण्यासारखी आहे. तेथें धंदेवाईक सामन्यांतील प्रत्येक गोल, तो कोणीं केला, त्यापूर्वीं चकती कोणीं पुढें दिली, कोणत्या मिनिटाला दिली, याची नोंद होते आणि ती कोणासहि पाहातां येते.

त्या नोंदींतून केवढा अर्थ निघूं शकतो याचा मासला म्हणून वेन ग्रेट्झ्की यांचें नांव घ्यावें. १९७९ ते १९९९ या वीस हंगामांत त्यांनीं नॅशनल हॉकी लीगच्या नियमित सामन्यांत ८९४ गोल केले. हा विक्रम अलेक्झांडर ओव्हेच्किन या रशियन खेळाडूनें ६ एप्रिल २०२५ रोजीं ८९५ वा गोल करून मोडला, आणि त्याचा गाजावाजा पुष्कळ झाला. पण ग्रेट्झ्कींचा खरा आंकडा दुसराच आहे. सहकाऱ्यांच्या गोलांस त्यांनीं केलेलें साहाय्य १,९६३ वेळां नोंदलें गेलें आहे. त्या खेळांत एका गोलाला एक गुण आणि एका साहाय्यालाहि एक गुण धरतात. ग्रेट्झ्कींनीं एकहि गोल केला नसता, तरी केवळ साहाय्याच्या गुणांवर ते इतर प्रत्येक खेळाडूच्या एकूण गुणांच्या पुढेंच राहिले असते. हा नुसता गमतीचा आंकडा नाहीं. स्वतः गोल करण्यापेक्षां गोल करण्याजोगी जागा हेरून तेथें चकती पोंचविणें हें त्या खेळाडूचें मर्म होतें, हें पानभर वर्णनानें जितकें कळेल त्याहून अधिक या एका आंकड्यानें कळतें. किरकोळ माहितीचें टीकेंत रूपांतर होतें तें असें.

नोंद असली म्हणजे दंतकथा जन्मतच नाहींत असें नव्हे. पण त्या तपासल्या जातात. गॉर्डी हाउ हे कॅनडाचे दुसरे महापुरुष. १९४६ सालीं ते या लीगमध्यें आले आणि मध्यंतरीं कांहीं वर्षांच्या खंडानंतर, १९८० सालीं, वयाच्या बावन्नाव्या वर्षीं तेथून बाहेर पडले. ८०१ गोल त्यांच्या नांवावर आहेत. एकाच सामन्यांत एक गोल, एक साहाय्य आणि एक मारामारी करणाऱ्या खेळाडूनें ‘गॉर्डी हाउ हॅट ट्रिक’ साधली, असें तिकडे म्हणतात, इतकी हाउ यांच्या दणकटपणाची ख्याति. पण संशोधकांनीं दप्तर उलगडून पाहिलें, तेव्हां एवढ्या दीर्घ आयुष्यांत स्वतः हाउ यांनीं ही करामत अवघी दोनदां केल्याचें आढळलें, आणि तीहि १९५३-५४ च्या एकाच हंगामांत. यामुळें हाउ लहान झाले काय? मुळींच नाहीं. उलट खेळाडूचा दरारा प्रत्यक्ष कृतीहून कसा मोठा होत जातो, हें त्यावरून कळलें.

हाउ यांच्याच पाठीवरील ९ या अंकाची गोष्ट घ्या. आरंभीं त्यांचा अंक १७ होता. त्या काळीं संघ रात्रीच्या आगगाडीनें प्रवास करीत, आणि ज्याचा अंक लहान त्याला झोंपावयास खालची जागा मिळे. म्हणून त्यांनीं ९ घेतला. पुढें हाउ यांच्यावर निष्ठा असलेल्या ग्रेट्झ्कींना तोच ९ हवा होता. तो संघांतील दुसऱ्याकडे असल्यामुळें त्यांनीं ९९ घेतला, आणि २००० सालीं साऱ्या लीगनें तो अंक ग्रेट्झ्कींच्या मानार्थ कायमचा बाजूस ठेवला. आगगाडींतील झोंपण्याच्या जागेपासून निघालेली ही गोष्ट एका पिढीच्या प्रवासाचें, दारिद्र्याचें आणि गुरुभक्तीचें चित्र उभें करते. पहिल्या कसोट्यांस ती उतरते, कारण ती हाउ यांनीं स्वतः सांगितलेली आहे. आणि तिसऱ्या कसोटीसहि उतरते, कारण तिच्यामुळें माणूस जवळ येतो.

अशी गोष्ट आपल्याकडे नाहीं काय? आहे, आणि आपल्याच जुन्या प्रांतांतील आहे. लेस्ली क्लॉडियस यांचा जन्म १९२७ सालीं बिलासपूरला झाला. बिलासपूर तेव्हां मध्यप्रांतांत होतें, जसा चांदा जिल्हा होता. बेंगाल-नागपूर रेल्वेच्या आश्रयानें ते खडगपूर येथें फुटबॉल खेळावयास गेले. तेथें हॉकीच्या संघांत एक माणूस कमी पडला, तेव्हां १९३२ च्या सुवर्णपदकविजेत्या संघांतील डिकी कार यांनीं या फुटबॉलपटूस हातीं काठी घ्यावयास सांगितलें. पुढें या बदली खेळाडूनें १९४८, १९५२ आणि १९५६ चीं तीन सुवर्णपदकें मिळविलीं, आणि १९६० सालीं कर्णधार म्हणून रौप्यपदक. रेल्वेनें खेळाडू पोसले, अँग्लो-इंडियन वसाहतींनीं ते पुरविले, आणि रूळ जेथवर गेले तेथवर हॉकी गेली, हा सारा इतिहास त्या एका रिकाम्या जागेंत सामावला आहे. तरी आमच्या सामान्यज्ञानाच्या पुस्तकांत हिटलर सांपडतो, खडगपूर सांपडत नाहीं.

महाराष्ट्रापुरतें बोलावयाचें तर मुंबईची आगाखान स्पर्धा १८९६ पासूनची आहे आणि खडकीच्या मैदानांनीं पुष्कळ खेळाडू घडविले. त्यांतील सर्वांत मोठे नांव धनराज पिल्ले यांचें. १९६८ सालीं खडकीस जन्मलेल्या या खेळाडूनें चार ऑलिंपिक, चार विश्वचषक, चार चँपियन्स ट्रॉफी आणि चार एशियाई स्पर्धा खेळल्या. १९९८ सालीं बँकॉक येथें त्यांच्या नेतृत्वाखालीं भारतास बत्तीस वर्षांनीं एशियाई सुवर्णपदक मिळालें. ते ३३९ आंतरराष्ट्रीय सामने खेळले असें सांगतात. आणि गोल किती? सुमारें १७०. हा ‘सुमारें’ शब्द आमच्या मनाला लागतो. हे सामने कांहीं बखरकारांच्या काळांत झालेले नाहींत. दूरचित्रवाणीच्या, वर्तमानपत्रांच्या आणि संगणकाच्या काळांत झाले. तरी आपल्या काळांतील सर्वश्रेष्ठ पुढच्या फळीच्या खेळाडूचे गोल अधिकृतपणें मोजून ठेवण्याची निकड खेळाच्या चालकांस वाटली नाहीं.

बलबीरसिंग यांची हकीकत याहूनहि खेदकारक. १९५२ च्या हेलसिंकी येथील अंतिम सामन्यांत भारतानें हॉलंडवर केलेल्या सहा गोलांपैकीं पांच त्यांचे. ऑलिंपिकच्या अंतिम सामन्यांत पुरुष खेळाडूचा तो विक्रम आहे. १९८५ सालीं त्यांनीं आपला ऑलिंपिकचा कोट, पदकें आणि छायाचित्रें नियोजित संग्रहालयासाठीं भारतीय क्रीडा प्राधिकरणाच्या स्वाधीन केलीं. संग्रहालय झालें नाहीं, आणि पुढें त्या वस्तूहि सांपडेनाशा झाल्या. २०२० सालीं बलबीरसिंग वारले, तोंपर्यंत त्या परत मिळाल्या नव्हत्या. ज्या समाजानें आपल्या वीराचा कोट हरविला त्यानें दुसऱ्याच्या देशांतील न दिसणाऱ्या पुतळ्यावर समाधान मानावें, ही गोष्ट आमच्या क्रीडावाङ्मयावरील सर्वांत कठोर टीका आहे. ती करावयास टीकाकार लागत नाहीं.

परंतु येथेंच थांबलों तर निकाल एकांगी होईल. आंकड्यांनाहि मर्यादा आहेत, आणि त्या कॅनडाच्याच दुसऱ्या एका खेळाडूनें दाखविल्या आहेत. फ्रेड सासाकामूस हे सस्कॅचवान प्रांतांतील क्री या आदिवासी जमातीचे. त्यांचा जन्म १९३३ चा. १९५३-५४ च्या हंगामांत ते शिकागोच्या संघांतून नॅशनल हॉकी लीगमध्यें खेळले. त्या लीगपर्यंत पोंचलेल्या पहिल्या आदिवासी खेळाडूंत त्यांची गणना होते. लीगचें दप्तर त्यांच्याविषयीं काय सांगतें? सामने अकरा, गोल शून्य, साहाय्य शून्य. एवढ्यावर कोणीहि पान उलटील. पण त्या अकरा सामन्यांच्या मागें काय होतें तें त्यांच्या निधनानंतर, २०२१ सालीं निघालेल्या ‘कॉल मी इंडियन’ या आत्मकथनांत आहे. लहानपणींच घरच्यांपासून ओढून नेऊन निवासी शाळेंत घातलेला मुलगा, तेथें सोसलेले अत्याचार, त्याच शाळेंतील बर्फावर सांपडलेली हॉकी, आणि कीर्तीच्या दारांतून आपल्या माणसांकडे परत फिरलेलीं पावलें. दप्तरांतील शून्य खरें आहे, आणि तरी तें शून्य त्या माणसाविषयीं जवळजवळ कांहींच सांगत नाहीं. येथें गोष्टीनेंच नोंदीचा अर्थ लावावयास हवा.

सासाकामूस यांची कथा वाचतांना आमच्या डोळ्यांपुढें येतात ते जयपालसिंग मुंडा. १९२८ च्या अ‍ॅमस्टरडॅमच्या संघाचे ते कर्णधार. ज्या संघांतील ध्यानचंदांच्या चौदा गोलांचा हिशेब आपण वर पाहिला, त्याच संघाचा नायक छोटानागपूरच्या रानांतील मुंडा होता, हें सामान्यज्ञान पाठ करणाऱ्या किती मुलांस माहीत आहे? खुंटीजवळच्या टकरा गांवीं १९०३ सालीं जन्मलेले जयपालसिंग ऑक्सफर्डला शिकले, हॉकींत विद्यापीठाचा ‘ब्लू’ मिळविला, आय. सी. एस. साठीं निवडले गेले. ऑलिंपिकसाठीं रजा मिळेना, तेव्हां रजेवांचूनच गेले. परत आल्यावर शिक्षणाचें वर्ष पुन्हां काढण्याची अट आली, तेव्हां त्यांनीं ती नोकरीच सोडली. अंतिम सामन्यापूर्वीं त्यांनीं संघहि सोडला होता आणि त्या दिवशीं नेतृत्व पेनिगर यांनीं केलें. याविषयीं वेगवेगळ्या हकीकती सांगितल्या जातात. पुढें कांहीं काळ त्यांनीं रायपूरच्या राजकुमार कॉलेजांत काम केलें, १९३९ मध्यें आदिवासी महासभेचें अध्यक्षपद पत्करलें, आणि १९४६ सालीं घटनासमितींत उभे राहून, इतर जें नांव हिणवण्यासाठीं वापरीत तें ‘जंगली’ हें नांव अभिमानानें स्वतःस लावून घेतलें. त्यांचें आत्मवृत्त ‘लो बीर सेंदरा’ हें २००४ सालीं, त्यांच्या मृत्यूनंतर चौतीस वर्षांनीं पुस्तकरूपानें बाहेर आलें. लोकांच्या तोंडीं मात्र त्यांची एकच ओळ उरली आहे: ‘पहिल्या सुवर्णपदकाचे कर्णधार’. बखर कोणाची लिहिली जाते आणि कोणाची लिहिली जात नाहीं, याचा विचार त्या एका ओळीपाशीं करावा लागतो. ध्यानचंदांना दंतकथांनीं झांकलें. जयपालसिंगांना दंतकथाहि लाभल्या नाहींत.

यावर रानांतील माणूस एक रास्त आक्षेप घेईल. लिहिलेलें तेवढेंच खरें, आणि सांगितलेलें तें सारें बखर, असें मानलें तर ज्यांची सारी विद्या मौखिक आहे त्यांचें काय? आक्षेप खरा आहे, आणि त्याचें उत्तर याच प्रदेशांत आहे. चंद्रपूर आणि त्याच्या भोंवतालच्या मुलुखांत गोंड घराण्यांच्या वंशावळी आणि पराक्रम परधान गात आले आहेत. परधान कागद वाचून गात नाहीं. पण ज्या यजमानापुढें तो किंगरी घेऊन बसतो त्याला आपलें कुळ ठाऊक असतें. एक नांव गळलें तर ऐकणारा टोकतो. म्हाइंभटांना नागदेवाचार्य टोकणारे होते, तसा परधानाला त्याचा यजमान. तेव्हां भेद लेखी आणि तोंडी यांत नाहीं. ज्या सांगणाऱ्याला टोकणारा कोणी आहे त्यांत, आणि ज्याला तो नाहीं त्यांत आहे. सामान्यज्ञानाच्या पुस्तकाला टोकणारा कोणी नाहीं. तें एका हातांतून दुसऱ्या हातांत जातें आणि प्रत्येक हात त्यांत थोडी भर घालतो.

गडचिरोली जिल्ह्याला नोंदीची किंमत दुसऱ्या कोणीं शिकविण्याची जरूरी नाहीं. डॉ. अभय व राणी बंग यांनीं १९८६ सालीं येथें काम सुरू केलें, आणि पुढें एकोणचाळीस गांवांत घरोघर जाऊन जन्मलेलें आणि दगावलेलें प्रत्येक मूल मोजलें गेलें. गांवच्याच स्त्रियांनीं नवजात बालकांची शुश्रूषा शिकून घेतली, तेव्हां नवजात बालकांच्या मृत्यूचें प्रमाण हजारीं ६२ वरून सुमारें २५ वर आलें. १९९९ सालीं ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकानें तो वृत्तांत छापला. मुलाचा जीव आणि खेळांतील गोल यांची तुलना करणें अनुचित होईल. पण जें मोजलें जात नाहीं तें घडलेंच नाहीं असें जग धरून चालतें, हा धडा दोन्हींकडे एकच आहे.

हा धडा खेळाच्या मैदानावर अजून पोंचावयाचा आहे. गडचिरोली, अहेरी आणि भामरागड या तिन्ही प्रकल्पांच्या आश्रमशाळांचीं मुलें दरसाल स्पर्धांत धांवतात, कबड्डी आणि खो-खो खेळतात. मे २०१८ मध्यें शेजारच्या चंद्रपूर जिल्ह्यांतील आश्रमशाळांचे पांच विद्यार्थी एव्हरेस्टच्या शिखरावर उभे राहिले, तेव्हां त्यांचीं नांवें चार दिवस सर्वत्र झळकलीं. आज तीं नांवें विचारलीं तर अभ्यासिकेंतील किती जण सांगतील? तीं मुलें कोणत्या पाड्यावरून आलीं, पहिल्यानें कोणत्या टेकडीवर चढलीं, कोणत्या शिक्षकानें त्यांना निवडलें, वर काय वाटलें, हें कोणीं त्यांच्याच तोंडून ऐकून, त्यांनाच वाचून दाखवून लिहून ठेवावें, अशी ही वेळ आहे. आणखी वीस वर्षांनीं हें काम करूं म्हटलें तर हातीं लोहचुंबकाच्याच गोष्टी लागतील.

या वाङ्मयशाखेकडून आमची अपेक्षा मोठी नाहीं. शाळेच्या शिक्षकानें स्पर्धेच्या दिवशीं एका वहींत दिनांक, संघ, खेळाडूंचीं नांवें आणि निकाल लिहावा, खालीं आपली सही करावी आणि वही कपाटांत जपून ठेवावी. ज्यांना लिहिण्याची हौस आहे त्यांनीं जुन्या खेळाडूंकडे जावें, त्यांचें ऐकावें, आणि लिहिलेलें त्यांना ऐकवून मग छापावें. सामान्यज्ञानाचीं पुस्तकें रचणाऱ्यांनीं प्रत्येक चमत्कारिक गोष्टीपुढें ती कोणीं पाहिली एवढें एक वाक्य घालावें. जेथें तें वाक्य लिहितां येत नसेल तेथें ती गोष्ट गाळावी, आणि तिच्या जागीं खडगपूरची ती रिकामी जागा किंवा अ‍ॅमस्टरडॅमचा मुंडा कर्णधार घालावा. परीक्षेंत एक गुण तितकाच मिळेल. पाठ करणाऱ्या मुलाच्या पदरांत मात्र तेव्हां एक खरा माणूस पडलेला असेल.